निशाणांपासून भिंतीपर्यंत

माझ्यावर सगळ्यांत जास्त उपकार कुणाचे, असं कुणी विचारलं तर मला आठवायला वेळ लागत नाही. कोरेगाव तालुक्यातल्या एका बागायती गावात आबा राहतात. सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, आता ऐंशीच्या पुढचे. आमचं नातं नाही, गाव एक नाही, जातही एक नाही. तरी मी आज जो काही आहे तो त्यांच्यामुळे आहे. हे सगळं लिहायचं कारणही तेच आहेत.

आमचं गाव वडूजच्या पुढं, कोरडवाहू भागात. वडील मेंढरं राखायचे. दिवाळी झाली की आमचा वाडा, म्हणजे बिऱ्हाड, कळपासकट पश्चिमेला, उसाच्या पट्ट्यात उतरायचा. तिथले शेतकरी लेंडीखतासाठी मेंढरं आपल्या रानात बसवून घेत. मी दहा वर्षांचा असताना आबांच्या रानात आमचा मुक्काम होता. त्यांच्या विहिरीवर पाणी काढताना माझा पाय घसरला. आमच्या गावाला पोहण्याइतकं पाणीच नव्हतं, मग पोहायला कोण शिकवणार? आबांनी उडी टाकून मला काढलं आणि दुसऱ्या दिवशी वडिलांना सांगितलं, हे पोरगं पोहायला शिकल्याशिवाय इथून हलायचं नाही.

पाठीला रिकामा डबा बांधून त्यांनी मला शिकवलं. मी शिकेपर्यंत कळपाची निघायची वेळ झाली. तोवर आबांना कळलं होतं की मला पाढे तोंडपाठ आहेत आणि मी शाळा सोडलेली आहे. ते वडिलांना म्हणाले, "पोरगं ऱ्हाऊ दे हितं. मेंढरं मोजायला तुमी हाय की." असा मी त्यांच्या घरी राहिलो. दहावी, बारावी, बी.ए., मग शारीरिक शिक्षणाची पदवी. आमच्या घरात पदवी घेतलेला मी पहिला. आता सांगलीच्या एका महाविद्यालयात क्रीडाशिक्षक आहे आणि आमच्या पंचवीस मीटरच्या तलावाची जबाबदारी माझ्याकडे आहे.

आबा सैन्यात असताना पलटणीकडून पोहायचे, आणि तेही पाठीवर. विहिरीत मला ते उताणंच पोहायला लावत. कपाळावर पाण्याचा पेला ठेवायचा आणि तो सांडू द्यायचा नाही. विहिरीच्या तोंडावरून मोटरचा पाइप आडवा गेलेला होता. पाइप डोक्यावरून मागं गेला की तीन हात मारायचे आणि चौथ्याला दगडी कडा हाताला लागायची. पहिल्या आठवड्यात माझं डोकं दोनदा आपटलं. तेव्हा त्यांनी सांगितलेलं वाक्य मी पुढं माझ्या प्रत्येक विद्यार्थ्याला सांगत आलो.

"उताणं पवणाऱ्याला भित दिसत न्हाई," ते म्हणाले. "त्यो वरची खूण बघून चालतो. म्हणून वरची खूण खोटी असता कामा न्हाई."

मोठ्या तलावात ही खूण म्हणजे निशाणांची दोरी. दोन्ही टोकांना, भिंतीपासून पाच मीटरवर, पाण्याच्या वर छोट्या तिकोनी निशाणांची दोरी ताणलेली असते. बॅकस्ट्रोक पोहणारी मुलगी निशाणं दिसली की हात मोजायला लागते. कुणाचे पाच, कुणाचे चार. मोजणी संपली की ती पालथी होते, एकदा हात ओढते आणि तशीच गिरकी घेऊन भिंतीला पाय लावते. पालथं झाल्यावर भिंत लांब राहिली म्हणून नुसते पाय मारत तिथवर जाता येत नाही. गेली तर पंच तिला बाद करतात.

आबांची नात माझ्यासमोर वाढली. तिचे वडील सैन्यात, कायम बाहेर. तिलाही आबांनी त्याच विहिरीत, त्याच पाइपाखाली शिकवलं. पुढं ती पुण्याच्या एका प्रशिक्षण केंद्रात गेली, राज्याकडून पोहली, मग देशाच्या संघात निवडली गेली. पूर्वेकडच्या एका देशात आंतरराष्ट्रीय स्पर्धा होती आणि ती महिलांच्या शंभर मीटर बॅकस्ट्रोकमध्ये उतरणार होती. स्पर्धेला दोन महिने असताना केंद्रातला तलाव दुरुस्तीसाठी रिकामा केला. ज्याला जिथं पाणी मिळेल तिथं सराव करा, असं मुलांना सांगितलं गेलं. ती सांगलीला माझ्याकडे आली. आबांचे उपकार फेडणं शक्य नाही हे मला कळतं, पण ती दारात बॅग घेऊन उभी राहिली तेव्हा फार समाधान वाटलं, हे मी नाकारणार नाही.

तलावाची निशाणं तेव्हा नव्हतीच. मागच्या पुरात कृष्णेचं पाणी आवारात शिरलं होतं, तेव्हा खांब कलले आणि दोऱ्या सडल्या. नुसतं शिकायला येणाऱ्या मुलांना निशाणं लागत नाहीत म्हणून मीही कधी पाठपुरावा केला नव्हता. आता घाई झाली. बायकोनं खताच्या रिकाम्या पोत्यांचं प्लास्टिक कापून तिकोनी निशाणं केली. खांब रोवायला ओळखीचा गवंडी आणला. स्टीलची टेप कबड्डीचं मैदान आखायला दुसऱ्या आवारात गेली होती. ती आणायला मला जेमतेम अर्धा तास लागला असता.

गवंडी त्याच्या फूटपट्टीला हात लावत म्हणाला, "किती मीटर म्हणला, सर? पाच? पाच त्रिक पंधरा. आमच्यात मीटर म्हंजे तीन फूट, आन् वर दोन बोटं गिऱ्हाइकाला फुकट."

मी हसलो आणि बरं म्हणालो.

आता विचार करतो तेव्हा त्या 'बरं'चं मूळ मला दिसतं. आमच्या भागात कापड वारानं, म्हणजे तीन फुटांच्या मापानं, घ्यायचे. पुढं दुकानात मीटर आला, लोकांनी नाव घेतलं आणि माप जुनंच ठेवलं. माझे वडीलही मीटर म्हणायचे आणि तीन फूट धरायचे. पाइपलाइन फुटात, घर फुटात, विहीर फुटात. मी शारीरिक शिक्षणाच्या परीक्षेत तलावाची सगळी मापं अचूक लिहून गुण मिळवलेला माणूस. पण गवंड्यानं पाच त्रिक पंधरा म्हटलं तेव्हा मला ते लहानपणापासून ऐकलेलं, म्हणून खरं वाटलं. पाच मीटर म्हणजे सोळा फूट पाच इंच. आमचे खांब पंधरा फुटांवर, काँक्रीट घालून पक्के झाले.

पहिल्या चार दिवसांत ती म्हणाली, "काका, माझा पाचवा हात भिंतीवर आखडतोय." मी काठावर उभा राहून बघितलं. खरंच आखडत होता. आम्ही चार हात करून पाहिले आणि चार नेमके बसले. निशाणांपासून भिंतीपर्यंत तिला आयुष्यभर पाच लागायचे. चारात येणं म्हणजे हाताचा पल्ला वाढला, खांद्यात ताकद आली. आम्ही दोघंही खूश. त्या दिवशी बायकोनं शिरा केला. पुढचे सहा आठवडे मी काठावरून एकच ओरडत होतो, चार, चार. ती झोपेतही चार मोजते, असं बायको चिडवायची.

ही बातमी मी आबांना पत्रानं कळवली. आबांना ऐकू कमी येतं, फोन त्यांना चालत नाही. आणि तसंही मी कॉलेजसाठी वसतिगृहात गेल्यापासून महिन्याला एक पत्र हा त्यांनी घालून दिलेला नियम आहे. आलेलं पत्र ते जेवणाआधी सोप्यात बसून मोठ्यानं वाचतात आणि घरातल्या सगळ्यांनी ते ऐकायचं असतं. त्यांचं उत्तर चार ओळींचं आलं. शाबासकी होती, आणि खाली लिहिलं होतं: निशाणं टेपनं मोजलीस ना?

मी उलटटपाली लिहिलं, होय आबा. मोजली होती, पण टेपनं नव्हती. असा हिशेब मी तेव्हा मनाशी केला. खोटं बोलतोय असं मला वाटलं नाही. आता वाटतं.

ती परदेशी गेली. स्पर्धेच्या आदल्या दिवशी संध्याकाळी तिचा फोन आला. तिकडच्या तलावात दोन दिवस सराव झाला होता.

"काका, भिंत लांब वाटतेय," ती म्हणाली. "चार मारले की हात पोचत नाही. पाच मारू का?"

संघाच्या प्रशिक्षकांना विचारलंस का, असं मी विचारलं. ती म्हणाली, त्यांच्याकडे खूप मुलं आहेत, ते म्हणाले घरी जे करत होतीस तेच कर. आणि घरी म्हणजे माझ्याकडे. तिचा आवाज लहानपणी विहिरीच्या काठावर उभी राहून विचारायची तसा होता, उडी मारू का?

मी म्हणालो, "प्रवासाचा शीण असतो गं. पाणी नवीन आहे. चारवर विश्वास ठेव."

"बरं," ती म्हणाली.

फोन ठेवल्यावर मला बरं वाटायला हवं होतं. तिनं सांगितलेली गोष्ट डोक्यातून जाईना. शीण असेल तर वेळ वाढेल, भिंत का लांब जाईल? सकाळी साडेसहाला मी स्टीलची टेप घेऊन तलावावर गेलो. पहारेकऱ्याला एक टोक भिंतीला धरायला लावलं.

"काय सर, जागेची मोजणी आली व्हय?" तो म्हणाला. "शेजाऱ्यानं बांध कोरला का काय?"

मी खांबाशी वाकलो. चार मीटर सत्तावन्न. पुन्हा मोजलं. दुसऱ्या टोकाचे खांब मोजले. तेच. सतरा इंच कमी.

तिची शर्यत आपल्या आठ वाजता होती. मी फोन लावला, बंद. मुलींना शर्यतीआधी वेगळ्या खोलीत बसवतात, तिथं फोन नेता येत नाही. संघाच्या प्रशिक्षकांचा नंबर माझ्याकडे नव्हता. ओळखीच्या दोघांना विचारला, एकानं उचलला नाही आणि दुसरा म्हणाला शोधून देतो. मी तिला संदेश लिहिला: चार नको, पाच मार. माझी निशाणं चुकीची आहेत. संदेश गेल्याची एक रेघ आली. पोचल्याची दुसरी रेघ येईना.

आठ वाजता मी तलावाच्या काठावर बसून फोनवर शर्यत पाहिली. ती सहाव्या लेनमध्ये होती. बॅकस्ट्रोकमध्ये मुली आधीच पाण्यात असतात, कठड्याला धरून, आखडून. आवाज झाला आणि त्या मागं सुटल्या. तिची सुरुवात चांगली झाली. तिचं डोकं अगदी स्थिर होतं, वर पेला असता तर सांडला नसता. पन्नास मीटरच्या तलावात शंभर मीटरला वळण एकच. निशाणं तिच्यावरून गेली आणि मी मोजायला लागलो. एक, दोन, तीन, चार. ती पालथी झाली. तिनं हात ओढला, आणि भिंत तिथं नव्हती. पाय दोनदा, तीनदा हलले. मग गिरकी, मग भिंत.

परतीच्या लांबीला तिनं पाच हात मारले. तिला पाण्यातच कळलं होतं. तिसरी येऊन तिनं भिंतीला हात लावला आणि वळून फलकाकडे पाहिलं. सगळ्यांच्या नावापुढं वेळ आली, तिच्या नावापुढं तीन इंग्रजी अक्षरं. बाद. कॅमेरा पुढच्या मुलीवर गेला.

आता जे लिहितो ते मी तेव्हा कुणालाच सांगितलं नाही. मी फोनमध्ये माझा संदेश उघडला. अजून एकच रेघ होती. मी तो पुसला. तिच्याकडूनही पुसला जाईल असा पर्याय असतो, तोच निवडला. त्या वेळी मनाला सांगितलं की आता वाचून तिला उगाच त्रास होईल. खरं कारण हे की, ती ते वाचेल आणि आबा ते ऐकतील, हे मला सोसवलं नसतं. गवंड्याचं नाव घेऊन मी सुटलो असतो असंही नाही. त्यानं विचारलं होतं, आणि बरं मी म्हणालो होतो.

ती परत आली ती थेट गावी. पुढच्या रविवारी मी गेलो. अंगणात तिच्या आईनं तिचे पोहायचे कपडे धुऊन वाळत घातले होते आणि ते दोन दिवस तसेच होते. ती मला बघून हसली, पाणी आणून दिलं. प्रशिक्षकांनी तिच्या कागदावर शेरा लिहिला होता की दबावाखाली हिची मोजणी चुकते. महिनाभरानं पुढच्या संघाची निवड होती. आपण तिकडं जाणार नाही, असं तिनं आईला सांगून टाकलं होतं. बी.एस्सी.चं शेवटचं वर्ष नीट करते म्हणाली.

जेवायला आबांच्या शेजारी माझं पान होतं. दर खेपेला असतं. आबांनी नातीला विचारलं, भिंत कशी चुकली.

"माझंच चुकलं, आबा," ती मोठ्या आवाजात म्हणाली, त्यांना ऐकू जावं म्हणून. "घाबरले मी."

"घाबरलीस त्याचं काय न्हाई. मी बी घाबरायचो. पर मोजायला कसं इसरलीस?"

तिनं त्यांच्या पानात भाकरी वाढली. आबा माझ्याकडे वळले. "तुझ्या तलावावर चारच बसत हुते न्हवं हिला?"

"व्हय आबा," मी म्हणालो.

खोटं त्यात एका अक्षराचंही नव्हतं. चारच बसत होते. त्यांनी मान हलवली आणि भाकरी मोडली. 

निघताना ती मला गाडीपर्यंत सोडायला आली. हेल्मेट हातात देत म्हणाली, "काका, त्या दिवशी तुम्ही काय पुसलंत? फोन चालू केला तर लिहिलेलं होतं, संदेश काढून टाकला आहे."

"शुभेच्छा होत्या," मी म्हणालो. "शर्यत झाली होती, म्हटलं आता कशाला."

"राहू द्यायच्या की," ती म्हणाली. "तिकडं कुणाच्या आल्याच नव्हत्या."

कोरेगावपासून सांगलीपर्यंतचा रस्ता मला आठवत नाही. घरी आल्यावर बायकोला सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं. मग एवढंच म्हणाली, त्या पोरीला वाटतंय तिला मोजता येत नाही, आणि मोजता तुम्हाला आलं नाही. तिनं ते रागानं म्हटलं नाही, म्हणून जास्त लागलं.

सोमवारी गवंड्याला बोलावून चारही खांब काढले. टेप भिंतीला लावून, एका टोकाला मी आणि दुसऱ्याला पहारेकरी, पाच मीटरवर नवे खड्डे घेतले. गवंडी पुटपुटत होता की सतरा इंचासाठी एवढं काँक्रीट फोडायचं म्हणजे कमाल झाली. मी टेप पुन्हा एकदा लावून पाहिली. संध्याकाळी पत्र लिहायला बसलो. तीन कागद फाडले, कारण तिन्हींत मी गवंड्यापासून सुरुवात केली होती. चौथा पाठवला. तो असा:

"आबा, तुमच्या पायांवर डोकं ठेवून लिहितो. हे पत्र नेहमीसारखं मोठ्यानं वाचा, आणि वाचताना तिला समोर बसवा.

तिची मोजणी चुकली नाही. मी तलावावर निशाणं लावली ती पाच मीटरवर नव्हती, पंधरा फुटांवर होती. टेपनं मोजलीस ना असं तुम्ही विचारलंत तेव्हा मी होय लिहिलं. मी टेप लावली नव्हती. सहा आठवडे मी तिच्याकडून खोटे चार हात पाठ करून घेतले. तिथं गेल्यावर तिला दोन दिवसांत कळलं की भिंत लांब आहे. तिनं फोन करून मला विचारलं, आणि मी तिला चारवर विश्वास ठेव म्हणालो. तिनं स्वतःच्या हातापेक्षा माझ्यावर विश्वास ठेवला, एवढीच तिची चूक.

शर्यतीच्या सकाळी मी मोजलं आणि मला कळलं. तिला संदेश पाठवला, तो पोचला नाही. ती बाद झाल्यावर मी तो पुसला. त्या शुभेच्छा नव्हत्या. त्यात लिहिलं होतं, चार नको, पाच मार, माझी निशाणं चुकीची आहेत. काल तुमच्या पंगतीला बसूनही मी बोललो नाही.

तिच्या कागदावरचा शेरा खरा नाही, असं मी संघाच्या प्रशिक्षकांना आजच सहीनिशी लिहून पाठवलं आहे आणि तलावाचं मापही कळवलं आहे. ते काय करतील ते मला माहीत नाही. तिनं पुढं पोहावं की नाही हे तिनं ठरवावं. पण आपल्याला मोजता येत नाही असं समजून तिनं सोडू नये.

तुम्ही मला सांगितलं होतं की वरची खूण खोटी असता कामा नये. ते मी शंभर मुलांना सांगितलं आणि तुमच्याच नातीच्या वेळी विसरलो. माझ्यावर रागवा, पण येऊ नकोस म्हणू नका.

खांब आता नव्यानं रोवले आहेत. पाच मीटर आहेत असं मी लिहितो, पण माझ्या लिहिण्यावर जाऊ नका. तुम्ही दोघं या आणि स्वतः मोजा. मी टेपचं दुसरं टोक धरतो."